आपला माणूस आत आहे

४ फेब्रुवारी

प्रिय शहाण्या,

इतक्या वर्षांनी अक्काचं पत्र बघून दचकू नकोस. फोनवर तू घाईत असतोस आणि मला बोलता बोलता रडू येतं, म्हणून लिहायला बसले.

धाकट्याला अटक झाली. त्याच्या कंपनीकडे देखभालीला असलेल्या एका इमारतीत लिफ्ट घसरली आणि आतला माणूस दगावला. ब्रेकचे पट्टे झिजलेत, बदलून द्या, असं धाकटा साहेबांच्या मागे लागून सांगत होता. आता साहेब म्हणतात, आमच्या कानावर काही आलंच नाही. मेकॅनिक म्हणून शेवटचा हात धाकट्याचा लागला होता, म्हणून तो आत. खटला कधी उभा राहील ते वकीलबाईंनाही सांगता येत नाही. तोवर तो कच्चा कैदी.

पण काल कळलं की तू डॉक्टर आहेस त्याच जेलमध्ये त्याला हलवलंय, आणि माझ्या जिवात जीव आला. लॉन्ड्रीत चादरी प्रेसमधून काढता काढता मी एकटीच हसले. शेजारची म्हणाली, "भाऊ तुरुंगात आणि तुला हसू कसलं येतंय?" म्हटलं, "अगं, आपला माणूस आत आहे!" तिला वाटलं, माझं डोकं फिरलंय. मी म्हणत होते तुझ्याबद्दल.

त्याची शुगर तुला माहीतच आहे. दोन वेळा इन्सुलिन, जेवणाआधी. गेटवर त्याचं पेन काढून घेतलं, सुई असते म्हणून. बूटही काढून घेतले आणि रबरी चपला दिल्या, त्याही तोकड्या. त्याचे तळवे बधिर आहेत, काही लागलं तरी त्याला कळत नाही. हे मी तुला काय सांगू? मागे घरी आला होतास तेव्हा टाचणी टोचून तूच दाखवलं होतंस, आणि तो उलट तुझीच थट्टा करत बसला होता.

आई असती तर मी तिला म्हणाले असते, तू उगीच काळजी करतेस, एकाला दुसरा आहे. आता तेच मी मला म्हणते.

अक्का


११ फेब्रुवारी

प्रिय अक्का,

धाकट्याला भेटलो. तब्येत ठीक आहे. थोडा खचलाय, पण गप्पा झाल्या. इन्सुलिनची सोय करून ठेवली आहे. तू निर्धास्त राहा.

एक गोष्ट मात्र कसोशीने पाळ. आपलं नातं इथे कुणाला कळता कामा नये. गेटवर नाही, मुलाखतीच्या खोलीत नाही, वकीलबाईंनाही नाही. मी नात्यातल्या कैद्याला तपासतोय हे कळलं तर माझी बदली होईल किंवा त्याला दुसरीकडे पाठवतील, आणि मग त्याच्याकडे बघणारं कोणी उरणार नाही. हे त्याच्याच भल्यासाठी सांगतोय. औषधं, चपला असं काही पाठवू नकोस. लोकांच्या डोळ्यांवर येतं.

दवाखाना म्हणजे तुला काहीतरी मोठं वाटत असेल. एक खोली, एक टेबल, वजनाचा काटा, कंपाउंडर आणि बाहेर न संपणारी रांग. त्यातून वर अधीक्षक साहेबांची मर्जी. पण घरच्या माणसाकडे माझं दुर्लक्ष होईल असं वाटतं का तुला? माझी आई गेली तेव्हा मावशीने मला तुमच्यात आणलं आणि कधी दुजाभाव केला नाही. हे मी विसरणं शक्य नाही.

तुझा,
शहाण्या


२६ फेब्रुवारी

प्रिय शहाण्या,

काल मुलाखत मिळाली. मध्ये जाळी, त्यावर धुळकट काच, आणि आजूबाजूला सगळेच ओरडून बोलत असतात. त्यामुळे आपलं माणूस काय म्हणतंय ते ओठांवरून ओळखायचं. धाकटा लंगडत आला. चपलेचा पट्टा घासून उजव्या अंगठ्याखाली फोड आला होता, तो फुटलाय. म्हणाला, "काही नाही गं अक्का, कंपाउंडर पट्टी करतो." इन्सुलिनचं विचारलं तर म्हणाला, "येतं कधी कधी. जेवण झाल्यावर येतं, एखाद दिवशी येतच नाही."

मी हळूच विचारलं, "आणि डॉक्टर?" तर नुसता बघत राहिला. मग म्हणाला, "आहेत डॉक्टर." मला हसूच फुटलं. नाटक करावं ते ह्यानेच! तू सांगितलेलं गुपित काय सांभाळतोय! तुला 'डॉक्टर' म्हणताना चेहऱ्यावरची रेषही हलली नाही.

पण शहाण्या, पायाचं मला बरं वाटत नाही. वकीलबाईंनी कोर्टात अर्ज घातलाय की त्याला बाहेरच्या मोठ्या हॉस्पिटलात दाखवावं. पुढच्या आठवड्यात सुनावणी आहे. त्या म्हणाल्या, "गुन्हा सिद्ध झालेला नाही अजून. आणि झालेला असता तरी उपचार हा त्याचा हक्क आहे, कुणाची मेहेरबानी नाही." बाई बारीक चणीची आहे, पण बोलायला लागली की समोरचा खुर्ची मागे सरकवतो.

तुझं काय मत?

अक्का


१ मार्च

प्रिय अक्का,

तो अर्ज ताबडतोब मागे घे.

रागावून लिहीत नाही, पण तू वकीलबाईंच्या नादाला लागून सगळं अवघड करते आहेस. अर्ज आला की कोर्ट जेलकडे अहवाल मागणार. अहवाल मी लिहायचा. मग हा कैदी कोण, तुमचा कोण, हे सगळं निघणार. शिवाय अधीक्षक साहेबांना कोर्टाचं पत्र आलेलं अजिबात खपत नाही. ज्याच्यामुळे आलं त्याला ते बाहेर तर पाठवत नाहीतच, उलट साध्या गोष्टीही अडवतात. मी हे इथे रोज बघतो.

माझ्या हातात माझी सही आहे. आठवडाभरात मी स्वतः त्याला हॉस्पिटलात पाठवायची चिठ्ठी लिहितो. शांतपणे, गाजावाजा न करता. जखम लहान आहे, मी स्वतः बघतोय. कोर्टात जाऊन जे महिन्यात होणार नाही ते मी चार दिवसांत करून दाखवतो.

वकिलाला खटला दिसतो, मला पेशंट दिसतो. तुझा कुणावर जास्त विश्वास आहे ते तू ठरव.

शहाण्या


६ मार्च

प्रिय शहाण्या,

घेतला मागे.

वकीलबाईंनी चष्मा काढून टेबलावर ठेवला आणि म्हणाल्या, "कुणी सांगितलं तुम्हाला हे?"

मी म्हटलं, "मीच ठरवलं."

"तुम्हाला कुणी धमकावलंय का?"

"नाही हो बाई."

"मग एवढं तरी सांगा, आत तुमच्या ओळखीचं कोणी आहे का? असेल तर ऐका. ओळखीवर मिळालेली गोष्ट ओळखीवरच जाते. कोर्टाचा हुकूम असला की तो कागद कुणाची ओळख विचारत नाही."

मी म्हटलं, "कुणी नाही." तुझ्यासाठी मी त्या चांगल्या बाईशी खोटं बोलले, शहाण्या. सही करताना मनात म्हटलं, त्यांना काय माहीत आमच्या घरातलं.

आता सगळं तुझ्या हवाली. चिठ्ठी लिहिलीस की एक ओळ पाठव, म्हणजे मी हॉस्पिटलच्या बाहेर येऊन उभी राहीन. लांबून दिसला तरी पुरे.

अक्का


२० मार्च

प्रिय अक्का,

चिठ्ठी लिहिली आहे. पण कैद्याला बाहेर न्यायला पोलिसांची गार्ड लागते आणि ते सध्या बंदोबस्तात अडकलेत. माझा इलाज नाही. जखम कोरडी पडत चालली आहे, घाबरण्यासारखं काही नाही.

फोन करू नकोस. इथे दवाखान्यात सगळ्यांसमोर उचलावा लागतो.

शहाण्या


३ एप्रिल

शहाण्या,

तू फोन उचलत नाहीस. दोन पत्रं टाकली, त्यांचंही उत्तर नाही.

काल मुलाखतीला गेले तर खिडकीवरचा माणूस म्हणाला, "कैदी येऊ शकत नाही." का, तर म्हणे चालवत नाही. मी तिथेच बसून राहिले. शेवटी एक वयस्क शिपाई बाहेर पाणी प्यायला आला, त्याच्या मागे लागले. त्याने इकडे तिकडे बघितलं आणि म्हणाला, "बाई, त्याच्या बराकीतले बाकीचे आता त्याच्या बाजूला झोपत नाहीत. वास येतो."

कसला वास? जखम कोरडी आहे ना? तूच लिहिलंस ना?

लॉन्ड्रीत दिवसभर माझ्या नाकात ब्लीच असतं, पण आज मला दुसरंच काहीतरी येत होतं. सुपरवायझरने घरी पाठवलं. मी घरी गेले नाही, सरळ वकीलबाईंकडे गेले आणि पाया पडायचीच बाकी राहिले. त्यांनी लगेच कोरा कागद ओढला आणि लिहायला लागल्या.

तुला आधीच सांगते आहे. उत्तर दे. तुझी काही अडचण असेल तर ती तरी लिही. आपण काहीतरी मार्ग काढू.

अक्का


१७ एप्रिल

डॉक्टर,

हॉस्पिटलच्या जिन्याखालच्या बाकावर बसून लिहितेय. धाकट्याचा उजवा पाय गुडघ्याखाली कापला.

कसं झालं ते तुम्हाला माहीत असेलच, पण मी सांगते. माझं मला सांगून बघायचंय.

वकीलबाईंनी पुन्हा अर्ज घातला. कोर्टाने जेलला अहवाल विचारला. अहवाल आला. "जखम भरत आली आहे. प्रकृती समाधानकारक. बाहेर नेण्याची आवश्यकता नाही." खाली सही तुझी. बघ, 'तुम्ही' म्हणायचं ठरवलं होतं, तेही धड जमत नाही.

वकीलबाई म्हणाल्या, "अहवाल नको, माणूस आणा." न्यायाधीशबाईंनी माणूस आणायला लावला. चार जणांनी त्याला घोंगडीत घालून आणलं आणि कोर्टाच्या फरशीवर ठेवलं. पट्टी सोडली तसे पुढच्या रांगेतले लोक उठून मागे गेले. न्यायाधीशबाई उठल्या नाहीत. त्यांनी पाय पूर्ण बघितला आणि म्हणाल्या, "याला कोठडीत ठेवायचा हुकूम या कोर्टाने दिला होता. याचा पाय घ्यायचा हुकूम कुणी दिला?" त्याला तिथूनच थेट हॉस्पिटलात पाठवलं. इथल्या सर्जनने मला बाजूला घेऊन सांगितलं की मार्चच्या सुरुवातीला आणला असता तर एका बोटावर भागलं असतं, कदाचित तेवढंही लागलं नसतं.

मार्चची सुरुवात. मी अर्ज मागे घेतला तेव्हाची.

धाकटा शुद्धीवर आला तेव्हा मी त्याला म्हटलं, "अरे, तू मला सांगितलं का नाहीस? शहाण्या होता ना तिथे?" तो छताकडे बघत बोलला. पहिल्या दिवशी रांगेतून त्याचा नंबर आला तेव्हा तो खूश होऊन म्हणाला, "शहाण्या!" आणि तू मान वर न करता विचारलंस, "नाव काय तुझं?" त्याने नाव सांगितलं. तू लिहून घेतलंस. "पुढचा." झाल्या त्या गप्पा.

त्यानंतर तू त्याच्या पायाला एकदाही हात लावला नाहीस. कंपाउंडर जुन्या पट्टीवर नवी पट्टी गुंडाळायचा आणि तू दारात उभा राहून विचारायचास, "बरं आहे ना?"

मी विचारलं, "मग मुलाखतीत का नाही बोललास?"

म्हणाला, "तू इतकी आनंदात होतीस अक्का. त्याचं नाव काढलं की तुझा चेहरा उजळायचा. तुझ्याकडे तेवढंच होतं. ते कसं काढून घेऊ?"

जाळीपलीकडे तो नुसता बघत राहिला होता आणि मी म्हटलं होतं, काय नाटक करतो.

तू आजारी होतास का? तुला कोणी कोंडून ठेवलं होतं का? असं काही असेल तर सांग. मी अजूनही विचारतेय, यावरून माझी काय अवस्था आहे ते ओळख.

अक्का


२५ एप्रिल

प्रिय अक्का,

हे पत्र मी कितीदा लिहून फाडलं.

मला कोणी कोंडलं नव्हतं. इथे रुजू झालो तेव्हाच अधीक्षक साहेबांनी बजावलं होतं की बाहेरच्या हॉस्पिटलात कमीत कमी कैदी पाठवायचे. गार्ड लागते, गाडी लागते, एखादा पळाला तर त्यांची मान अडकते. माझ्या आधीच्या डॉक्टरने ऐकलं नाही, त्याला अशा जागी टाकलं की त्याचं कुटुंब इकडे आणि तो तिकडे. माझी मुलं शाळेत आहेत.

रांगेत धाकट्याने हाक मारली तेव्हा साहेब माझ्या मागेच उभे होते. माझ्या तोंडून ते निघून गेलं. एकदा ओळख नाकारल्यावर दुसऱ्या दिवशी ओळख कशी दाखवायची? मग त्याच्याकडे बघणंच अवघड होऊन बसलं. बाकीच्या कैद्यांचे पाय मी उघडून बघितले अक्का, खरंच. त्याचा नाही बघू शकलो. नात्यातला आहे म्हणून जास्त करतोय असं कोणी म्हणू नये, या धास्तीत मी त्याच्यासाठी इतरांएवढंही केलं नाही. हॉस्पिटलची चिठ्ठी मी लिहिली होती. ती टेबलाच्या खणातच राहिली. अहवाल साहेबांच्या ऑफिसातून टाइप होऊन आला आणि मी सही केली.

आता कोर्टाने चौकशी लावली आहे. साहेबांनी हात वर केलेत आणि सगळं माझ्यावर ढकललंय. माझं लायसन्स जाईल.

अक्का, एकच मागतो. ९ मेला तुझी साक्ष आहे. अर्ज तू आपल्या मनाने मागे घेतलास, एवढंच सांग. वकीलबाईंना तू तसंच सांगितलं होतंस, त्यामुळे ते खोटंही ठरणार नाही. बाकी मी बघून घेईन. आणि मला धाकट्याला भेटायचं आहे. येऊ का?

तुझा,
शहाण्या


१२ मे

तुझं पत्र साक्षीच्या आधी मिळालं होतं. उत्तर मुद्दामच दिलं नाही. म्हटलं, जे बोलायचं ते सगळ्यांसमोर बोलू.

धाकट्याला जामीन मिळाला. लिफ्टचा खटला चालू आहे आणि कंपनीचे साहेब अजूनही काही ऐकलं नव्हतं असंच म्हणताहेत, पण वकीलबाईंना दुसरा एक मेकॅनिक सापडलाय. तो म्हणतो, ब्रेकचं बोलणं माझ्या देखत झालं. धाकटा खिडकीजवळच्या खाटेवर असतो. नसलेल्या पायाला खाज सुटते म्हणून चिडतो. मग स्वतःच हसतो. "आता हा कसा खाजवू अक्का?" मी मोरीत नळ सोडून रडून घेते आणि बाहेर येऊन त्याला म्हणते, "उशीला खाजव."

आता कोर्टाचं. तू तिथे होतास, पण तुझी नजर सगळा वेळ जमिनीवर होती, म्हणून लिहिते.

न्यायाधीशबाईंनी मला विचारलं, "मार्चमध्ये तुम्ही अर्ज मागे का घेतला?"

तुझी विनंती माझ्या पर्समध्ये होती. खरं सांगते, पायऱ्या चढताना मी एकदा विचार केला होता. तुझी मुलं डोळ्यांसमोर आली. अक्का म्हणून तू अजून हाक मारतोस हेही आलं. पण समोर धाकटा कुबड्या आडव्या ठेवून बसला होता.

मी म्हटलं, "माझ्या भावाने सांगितलं म्हणून."

"आरोपीने?"

"नाही. दुसऱ्या भावाने. ते बसलेत ते, डॉक्टर."

सगळ्यांच्या माना वळल्या. अधीक्षकांचा चेहरा तर बघण्यासारखा झाला होता. वकीलबाईंनी डोळे मिटून घेतले. बिचारीला तोवर काही माहीत नव्हतं. न्यायाधीशबाईंनी तुला उभं केलं.

"हे तुमचे भाऊ-बहीण आहेत?"

शहाण्या, त्या घटकेला माझा सगळा राग कुठल्या कुठे गेला होता. मला वाटलं, आता हा खरं बोलेल. आता तर लपवायला काही उरलंच नाही. ना बदलीची भीती, ना साहेबांची, ना कुणाची. आता म्हणेल, हो, ही माझी अक्का, तो माझा भाऊ, आम्ही एका घरात वाढलो. एवढं म्हणाला असतास ना, तर मी त्याच पिंजऱ्यातून तुझ्यासाठी हात जोडले असते. लायसन्स जाऊ देऊ नका म्हणाले असते.

तू म्हणालास, "लांबचं नातं आहे, मॅडम."

धाकट्याने ते ऐकलं. त्याने कुबड्या सरळ केल्या.

कोर्टाने पुढे काय काय हुकूम केले ते तुला कागदावर मिळेल. शुगरच्या कैद्यांची औषधं यापुढे गेटवर अडवायची नाहीत, हॉस्पिटलची चिठ्ठी लिहिली की ती त्याच दिवशी कोर्टाला कळवायची, असं बरंच काही. वकीलबाई म्हणाल्या, आपण जिंकलो. मी धाकट्याच्या दुमडलेल्या पँटकडे बघितलं आणि मान डोलावली.

तू भेटायला येऊ का विचारलं होतंस. धाकट्याला मी विचारलं. तो खिडकीबाहेर बघत म्हणाला, "येऊ दे अक्का. तोही घाबरलेला असेल." तो तसाच आहे, तुला माहीतच आहे.

पण दार उघडायला मला उठावं लागतं, त्याला अजून एकट्याने उठता येत नाही. आणि मी उठणार नाही. लांबचं आहे म्हणालास ना, मग लांबच राहा.